पैलवानाचा मागचा हात

मी खोटं बोलत नाही. मी वाढवून बोलतो. या दोन्हींत फरक आहे, पण तो आजवर कुणाला पटवता आलेला नाही. तीस वर्षं संगमरवर घासतोय. खाणीतून आलेला दगड कुणी जसाच्या तसा दिवाणखान्यात मांडतं का? त्याला आधी चारशे नंबरचा घासायचा पॅड लागतो, मग आठशेचा, शेवटी पंधराशेचा, आणि मग पाणी मारून पुसायचा. मी गोष्टीचं तेवढंच करतो.

इकडं आखातात, मुऐदरला, कंपनीच्या जुन्या व्हिलात आम्ही एका खोलीत चौघं राहतो. शुक्रवारी दुपारी जेवणं उरकली की माझी बैठक बसते. एका हातानं मी संगमरवरी नंदी उचलून चौथऱ्यावर ठेवला आणि दुसऱ्या हातातली भाकरी खाली पडू दिली नाही, हे तिथं सगळ्यांना पाठ आहे. माझा डावा कान मोडलेला आहे, फुटून गोळा झालेला. तो कोल्हापूरच्या तालमीत मोडला. मोडणारा पैलवान पुढं तीन महिने अंथरुणाला खिळून होता. नंदीचं वजन दर शुक्रवारी वाढतं आणि त्या पैलवानाचं आजारपणही. कुणी विश्वास ठेवत नाही, पण उठूनही कुणी जात नाही.

या माझ्या बोलण्यानं माझा घात कसा केला, ते सांगतो. यात पॉलिश कमी आहे.

आमचा इंजिनियर पुण्याचा, तिशीतला. तो मला काका म्हणतो, मी त्याला साहेब म्हणतो. त्याचं दोन वर्षांचं कॉन्ट्रॅक्ट संपत आलं होतं. वाढवून मिळाल्याचं पत्र आठवड्याभरात यायचं होतं आणि त्या पत्रावर बायकोचा न् मुलीचा व्हिसा अवलंबून होता. अल अझीझियाला त्यानं फ्लॅटही बघून ठेवला होता. मुलीच्या खोलीचे पडदे त्यानं आधी घेतले, त्यांच्यावर पिवळी बदकं होती. पडदे घेतले आणि अंगावर काटा आला, म्हणाला. "काका, घाई तर नाही ना झाली?" त्या महिन्यात तो प्रत्येक कागदावर सही करण्याआधी दोनदा वाचायचा आणि सही केल्यावर तिसऱ्यांदा.

अशात ती पेटी आली.

पेटी लाकडाची, माणसापेक्षा उंच, इटलीहून आलेली. द पर्ल नावाच्या बेटावरच्या एका घरात बसवायची मूर्ती आत होती. पेटी तशीच त्या घराच्या दारातून जाणार नव्हती, म्हणून मुऐदरच्या आवारात उघडायची, मूर्ती साफ करायची आणि दुसऱ्या दिवशी सकाळी न्यायची, असं ठरलं. काम माझ्याकडं आलं. का? तर देवळांच्या दोनशे मूर्ती मी बसवल्यात, असं मीच सांगत आलो होतो. खरा आकडा तीन. त्यातली एक तुळशीवृंदावन होती.

फळ्या काढल्या, फोम काढला आणि आत जो उभा होता त्याला बघून मी दोन पावलं मागं सरलो.

"हर्क्युलिस," साहेब म्हणाला. "ग्रीक लोकांचा वीर. नुसत्या हातांनी सिंह मारला यानं. ते बघा, त्याचंच कातडं गदेवर टाकलंय. राजानं एकापेक्षा एक अशक्य कामं सांगितली, पार देवांच्या बागेतली सोन्याची सफरचंदं आणण्यापर्यंत, आणि यानं सगळी केली. हा सगळं करून दमलेला आहे."

दमलेलाच होता. डाव्या काखेत गदा घेऊन तिच्यावर सगळा भार टाकलेला. मान खाली. उजवा हात मागं पाठीशी वळवलेला आणि त्या हातात, मागं जाऊन बघितलं तरच दिसतील अशी, सफरचंदं. मांड्या अशा की आमच्या तालमीतले दोघं एकत्र बांधले तरी भरणार नाहीत. उंची नऊ फूट. बरं, साडेसहा. अंगावर चिंधीसुद्धा नाही. डोळ्यांत बुबुळं नाहीत, नुसता गुळगुळीत दगड, त्यामुळं तो कुणाकडं बघतोय कळत नव्हतं.

पण मी खरा हललो तो कान बघून. कान मोडलेले होते. फुटून, सुजून, बसून गेलेले, जसे मातीत डोकं घासून पैलवानाचे होतात तसे. कोरणाऱ्यानं ते मुद्दाम तसे कोरले होते.

"साहेब," मी म्हणालो, "हा आमच्यातला हाय."

"तुमच्यातला म्हणजे?"

"कुस्तीतला. कान बघा की. हे मारामारीत न्हाई मोडत, हे माती खाऊन मोडतात."

साहेबानं मूर्तीचा कान बघितला, माझा कान बघितला आणि हसला. पेटीबरोबर आलेली फाईल काखेत मारून डिलिव्हरीच्या कागदांवर सह्या करायला तो आत गेला. मूर्ती सुस्थितीत मिळाली, ही सही त्याची.

मग मी ते केलं.

मूर्तीच्या मागच्या हाताच्या मनगटापासून कमरेपर्यंत दगडाचा एक तुकडा होता, अंगठ्याएवढा जाड, आडवा. ना अंगाचा भाग, ना कातड्याचा. मला तो लगेच ओळखू आला. आपल्याकडं मूर्ती कारखान्यातून निघते तेव्हा त्रिशूळ आणि दंड यांच्यामध्ये, बोटांच्या मध्ये असे तुकडे मुद्दाम ठेवतात. वाटेत हादरे बसून काही मोडू नये म्हणून. मूर्ती जागेवर पोचली की कारागीर ते कापतो, घासतो, आणि मग पूजा. हे मी एकदा डोळ्यांनी बघितलं होतं. केलं नव्हतं. सांगितलं होतं मात्र शंभरदा.

छोटा कटर लावला. दोन मिनिटं. तुकडा अलगद माझ्या तळहातावर आला, बोटभर लांबीचा. दोन्ही बाजूच्या खुणा चारशे, आठशे, पंधराशेनं अशा घासल्या की मलाच नंतर जागा सापडेना. आयुष्यातलं सगळ्यात सुबक काम. तुकडा रुमालात गुंडाळून खिशात ठेवला. गावी तालमीत नेऊन सांगणार होतो, हे हर्क्युलिसचं हाड.

दुसऱ्या दिवशी सकाळी क्रेनवाल्या गाडीत त्याला आडवा केला. गाडीचा ड्रायव्हर मालवणकडचा, माझ्याच खोलीतला. त्यानं मूर्तीभोवती एक फेरी मारली आणि कमरेवर हात ठेवून उभा राहिला.

"ह्या पैलवानाक कपडे नाय काय? असो नागडो माणूस घेवन मी रस्त्यार जावचंय नाय. पोलिसांनी धरल्यानी तर काय सांगतलंय? मामा माझो, म्हणान?"

शेवटी गाद्या, चादरी आणि माझी निळी चौकड्यांची लुंगी त्याच्या कमरेला बांधून वर पट्टे आवळले. पुढच्या सीटवर आम्ही तिघं बसलो. ड्रायव्हर, मध्ये मी, खिडकीशी साहेब. यल्ला, म्हणजे चला, म्हणून गाडी सुटली.

सिग्नलला साहेबानं सवयीप्रमाणं फाईल उघडली. सही केलेले कागद तिसऱ्यांदा वाचायचे होते त्याला. मागचं एक पान, सहीचं नसल्यानं आधी वाचायचं राहून गेलेलं, इंग्रजीत बारीक छापलेलं होतं, ते त्यानं मोठ्यानं वाचायला घेतलं, मराठी करत करत.

"काका, हे ऐका, इंटरेस्टिंग आहे. 'मागच्या हाताला कमरेपासून दगडाचा आधार कोरलेला आहे. जुन्या मूर्तींत असे आधार असत, तो मूर्तीचाच भाग आहे. तो काढू नये, हाताचा भार त्याच्यावर आहे.' म्हणजे बघा. बरं झालं आपण तिकडं हात नाही लावला."

माझा हात आपोआप खिशावर गेला.

एसी चालू होता आणि माझ्या पाठीवरून घामाची धार चालली होती. रुमालाची मला गरज होती, पण रुमाल खिशात होता आणि रुमालात काय होतं ते मला माहीत होतं. पुढं रस्त्याचं काम चालू होतं, वळवलेला रस्ता, खडी. गाडी आदळली. मागं पट्टे करकरले. मी मान वळवून मागच्या काचेतून बघितलं. चादरीखाली खांदा दिसत होता, हात दिसत नव्हता. पुढं स्पीडब्रेकर. मी डोळे मिटले. तीस वर्षांत दगड माझ्या हातून फुटले नाहीत असं नाही, पण फुटलेल्या दगडाच्या जागी दुसरा येतो. हा एकच होता. आणि याच्या कागदावर सही होती बदकांचे पडदे घेणाऱ्याची.

"हळू घे रे," मी म्हणालो.

"हळूच चलवतंय. बैलगाडयेत बसल्यासारखो काय करतंस?"

तिसऱ्या आदळ्याला मला राहवलं नाही.

"साहेब, तो आधार मी कापला."

दोघांनी वळून माझ्याकडं बघितलं. मग ड्रायव्हरनं स्टिअरिंगवर थाप मारली आणि असा हसला की त्याला खोकला आला. "आयकल्यात? सुरू झाली म्हाताऱ्याची गजाल! कापलंस तो कशान? दातांनी?"

साहेबसुद्धा खळखळून हसला, बिचारा, आठवड्यातनं पहिल्यांदा. "काका, तुम्ही पण ना. बीपी वाढवाल माझं."

"आईशप्पत कापला."

"नंदी एका हाताने उचललात तेव्हाही आईचीच शपथ होती," साहेब म्हणाला आणि त्यानं फाईल मिटली.

आता इथं मी काय केलं ते सांगायला हवं, कारण त्याचीच मला जास्त लाज वाटते. मी गप्प बसलो. खिशातला रुमाल काढून दाखवला असता तर तिथंच सगळं उलगडलं असतं. पण माझ्या मनात लगेच हिशेब मांडला गेला: मी सांगितलं, यांनी ऐकलं नाही, आता माझ्यावर काही नाही. असं स्वतःला समजावत मी उरलेला सगळा रस्ता बसलो. समजूत द पर्लचा पूल येईपर्यंतही टिकली नाही.

घर बोटी लागतात त्या धक्क्यासमोर, तळमजल्यावर. मालक म्हातारा, काठी टेकत चालणारा. आम्ही सगळे त्याला अरबाब म्हणालो, इथं मालकाला तसंच म्हणतात. तरुणपणी धंद्यासाठी मुंबईत राहिलेला, त्यामुळं हिंदी आमच्या साहेबापेक्षा बरी. मूर्ती कुठं ठेवायची म्हणून मी आधीच एका भिंतीकडं बोट दाखवलं.

"अरबाब, इधर बढ़िया लगेगा. पीठ दीवार को. एकदम मजबूत."

"नहीं नहीं," म्हातारा म्हणाला आणि काठीनं दिवाणखान्याच्या बरोबर मध्यावर टकटक केलं. "बीच में. इसका असली चीज पीछे है. सामने से थका हुआ आदमी दिखता है, पीछे जाओ तो मालूम पड़ता है जीत के आया है."

चौथरा मध्ये ठेवलेलाच होता. साखळीच्या पुलीला पट्टे लावले, मूर्ती उभी केली, चादरी सोडल्या. लुंगी ड्रायव्हरनं लाजत लाजत सोडली. हात जागेवर होता. मी श्वास सोडला. मूर्ती इंच इंच खाली येत चौथऱ्यावर टेकली, पट्टे सैल झाले आणि साहेबानं खिशातून पेन काढलं. दुसरा कागद: मूर्ती सुस्थितीत बसवली. त्यानं दोनदा वाचला आणि सही केली. पेनचं टोपण लावलं.

तेवढ्यात आवाज आला. टक्.

बारीक आवाज. नारळाला पहिली चीर जाते तसा. बाकी कुणी ऐकला की नाही माहीत नाही, मी मात्र उडी मारून मूर्तीच्या मागं होतो. दोन्ही तळवे त्याच्या मनगटाखाली लावले, खांदा त्याच्या पाठीला टेकला, पाय फाकवून उभा राहिलो.

"काका? काय झालं?"

"हात पडतोय."

"काय?"

"साहेब, हात पडतोय त्येचा!"

अरबाब काठी टेकत मागं आला. त्याला तेच बघायचं होतं, ती सफरचंदं. त्यानं ती बघितली, मग मला बघितलं, मग माझ्या तळव्यांच्या आणि मूर्तीच्या कमरेच्या मधली मोकळी जागा बघितली. मोबाईल काढून कारखान्याकडून आलेला फोटो उघडला. एकदा फोटो, एकदा मूर्ती.

"इधर एक पत्थर था," तो म्हणाला. "फोटो में है. इधर नहीं है."

साहेबाचा चेहरा चुन्यासारखा झाला. त्यानं हातातल्या दोन सह्यांकडं बघितलं. "सर, ट्रान्झिट में... आय मीन, पेटी खोली तब... मैंने चेक..." त्याला आठवेना. त्याला कसं आठवणार? तो कान बघून हसत आत गेला होता.

माझ्या तोंडात त्या वेळी तीन उत्तरं तयार होती, तिन्ही पॉलिश केलेली. इटलीहूनच असं आलं. कस्टमवाल्यांनी उघडलं असणार. अशा मूर्तीत तो तुकडा नंतर आपोआप गळून पडतो. खरंच सांगतो, तिसरं तर मी अर्धं बोललोसुद्धा. "अरबाब, ये पत्थर का ऐसा है कि..." आणि समोर साहेब उभा होता, पेन हातात तसंच.

"मैंने काटा," मी म्हणालो. "कल. कटर से. इनको मालूम नहीं."

"काका, आत्ता नको!" साहेब जवळजवळ ओरडला. मग अरबाबकडं वळून इंग्रजीत म्हणाला की हे वयस्कर गृहस्थ आहेत, यांना गोष्टी सांगायची सवय आहे, प्लीज मनावर घेऊ नका.

सांगा आता. मी खरं बोलतोय आणि माझाच साहेब मला वाचवायला खोटा पाडतोय. माझे दोन्ही हात त्या मनगटाखाली अडकलेले.

"मालवणी," मी ड्रायव्हरला म्हणालो, "हिकडं ये. माझ्या उजव्या खिशात रुमाल हाय. काढ."

"माका काय काम..."

"काढ म्हणतो ना!"

त्यानं रुमाल काढला. उलगडला. तुकडा त्याच्या तळहातावर पांढरा, बोटभर. साहेबानं तो तुकडा दोन बोटांत धरला, मूर्तीच्या कमरेजवळ नेला आणि परत आणला. मग माझ्याकडं असं बघितलं की तालमीतला तो पैलवान, असलाच तर, त्यानंही मला एवढं लोळवलं नसतं.

अरबाबनं फोन लावला. इटलीहून कुणीतरी व्हिडिओवर आलं. साहेब फोन फिरवत राहिला, समोरून, मागून, कोपराजवळून, चौथऱ्याखालून. त्यांचं भराभर इंग्रजी मला कळत नव्हतं. मी मनगट धरून उभा होतो. ड्रायव्हर दगड चिकटवायचं इपॉक्सी आणि लाकडी टेकू आणायला गेला. पाच मिनिटांत माझे खांदे भरून आले. दहा मिनिटांत बोटं बधिर. अरबाबनं खुर्ची ओढून माझ्यासमोर घेतली आणि बसला. बराच वेळ बघत राहिला, आधी दगडाचा कान, मग माझा.

"कुश्ती?" त्यानं माझ्या कानाकडं बोट करून विचारलं.

जगात कुणीही विचारलं असतं तर मी तालीम काढली असती. पण त्या दिवशी माझ्यात ताकद नव्हती.

"नहीं, अरबाब. टेम्पो का दरवाजा. तालीम में सिर्फ ग्यारह दिन गया."

म्हातारा हसला नाही. त्यानं मान हलवली आणि माझ्या तोंडाला पाण्याचा ग्लास लावला.

साहेबानं फोन ठेवला आणि माझ्याजवळ येऊन हळू आवाजात म्हणाला, "काका, सोडा हात."

"टेकू येऊ दे आधी."

"सोडा. ते म्हणतायत हात पडणार नाही. आधारावर भार येतो तो हादऱ्यांत, कागदावर खबरदारी म्हणून लिहिलंय. नुसता उभा असताना हात टिकतो. तो आवाज चौथऱ्याखालची लाकडी पाचर बसल्याचा होता. मी बघितली, चेपलीये."

म्हणजे मी काहीही धरलेलं नव्हतं. तो आपला आपण उभा होता, दमलेला, आणि मी त्याच्या मागं लोंबकळत होतो. तरी मला हात सोडवेना. साहेबानं माझी बोटं एकेक करून सोडवली.

तुकडा मीच परत बसवला, अरबाबनंच सांगितलं तसं. "जिसने काटा वही लगाएगा." काल ज्या खुणा पंधराशेनं चकचकीत केल्या होत्या त्या परत खडबडीत कराव्या लागल्या, नाहीतर इपॉक्सी धरत नाही. कटरनं खाल्लेल्या जागेत दगडाची पूड मिसळून भरली. दोन बारीक रेघा राहिल्या. त्या जाणार नाहीत. अरबाबनं साहेबाच्या कागदावर स्वतःच्या हातानं लिहिलं की आधार कापला गेला होता, माझ्यासमोर दुरुस्त झाला, माझी तक्रार नाही. साहेबानं तो कागद किती वेळा वाचला, मी मोजलं नाही.

कंपनीनं मला एक वॉर्निंग लेटर दिलं आणि मूर्तींच्या कामावरून काढून बाथरूमच्या फरशांवर टाकलं. साहेबाचं पत्र आलं, पण उशिरा, तीन आठवड्यांनी. ते तीन आठवडे तो माझ्याशी कामापुरतंच बोलला आणि मी जेवणात मीठ आहे की नाही हेसुद्धा कुणाला सांगितलं नाही. पत्र आलं त्या दिवशी त्यानं फरशा बघायला म्हणून येऊन मला नुसतं एवढंच सांगितलं, "पडदे लावले काका."

आता परत शुक्रवारी दुपारी बैठक बसते. हर्क्युलिस नऊ फुटांचा आहे, वजन दोन टन, आणि त्याचा निखळलेला हात मी चौदा तास एकट्यानं पेलला. खरं तर पाऊण तास, तोही फुकट. हे ठाऊक असलेला माणूस समोरच भिंतीला टेकून बसलेला असतो. पहिल्यांदा सांगितलं तेव्हा मी धसक्यानं त्याच्याकडं बघितलं.

"चौदा खंय?" ड्रायव्हर म्हणाला. "सोळा. मी घड्याळ बघी होतंय."

साहेबही कधीकधी येतो, मुलीला घेऊन. तो ऐकतो, हसतो, आणि गोष्ट रंगात आली की मध्येच हात पुढं करतो.

"काका, रुमाल दाखवा."

मग सगळे माझ्याकडं बघतात. मी खिशातून रुमाल काढतो, झटकतो आणि परत ठेवतो. पण झटकण्याआधी, सवय लागलीये, आत काही नाही ना, हे मी एकदा चाचपून बघतो.